नाक वर, मग धाडकन खाली: बालसाच्या ग्लायडरचा वारंवार होणारा स्टॉल

तक्रार नेहमी एकाच शब्दांत येते: "सर, ग्लायडर सोडला की नाक वर करतो, हवेत क्षणभर थांबतो आणि धाडकन खाली येतो." सोडणारा बदलला, ग्लायडर बदलला, मैदान बदलले, तरी वर्णन बदलत नाही. शाळेतील मुले, एनसीसीच्या एअर विंगमध्ये एरोमॉडेलिंग शिकणारे कॅडेट आणि चाळिशीनंतर या छंदाकडे वळलेले पालक, अशा सर्वांच्या हातचे ग्लायडर मी गेली काही वर्षे तपासत आलो आहे. त्यातल्या बहुतेकांच्या नाकावर क्लेचा सुपारीएवढा गोळा चिकटवलेला असतो. तो गोळा या दुखण्यावरचा उपाय आहे, असे ग्लायडरच्या मालकाला वाटत असते; प्रत्यक्षात आधी केलेल्या चुकीच्या उपायांची ती साठलेली थकबाकी असते.

या लेखात हाताने फेकायच्या, बालसा या अतिशय हलक्या लाकडाच्या साध्या ग्लायडरचाच विचार केला आहे. मोटर, रिमोट आणि हलते एलेव्हेटर (शेपटाची वरखाली होणारी फळी) असलेल्या मॉडेलांचे प्रश्न याच बलांतून उद्भवतात, परंतु तेथे चूक झाली तर नियंत्रणाची काठी ढकलून ती सावरता येते. हाताने सोडलेल्या ग्लायडरला ती सोय नाही. हात सुटल्यानंतर जे काही व्हायचे, ते आधी केलेल्या जुळवणीनुसारच होते, आणि म्हणूनच लिफ्ट (वर उचलणारे बल) व ड्रॅग (हवेचा मागे ओढणारा विरोध) यांचा हिशेब तेथे उघड्यावर दिसतो.

आधी आकडे समोर ठेवू

पुढील सर्व चर्चेसाठी एक ठरावीक ग्लायडर धरू: पंखांचा विस्तार ४० सेंटिमीटर, रुंदी ७.५ सेंटिमीटर, म्हणजे क्षेत्रफळ ३०० चौरस सेंटिमीटर. शेपटाचे आडवे पान ४८ चौरस सेंटिमीटर, पंखापासून २५ सेंटिमीटर मागे. एकूण वजन ३० ग्रॅम. आपला ग्लायडर यापेक्षा थोडा लहानमोठा असला, तरी निष्कर्ष फारसे बदलणार नाहीत.

सरळ तरंगताना पंखाची लिफ्ट जवळजवळ वजनाएवढी असावी लागते. लिफ्ट वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते, आणि पंखाचा समोरून येणाऱ्या हवेशी असलेला कोन वाढला तरीही वाढते, परंतु हे कोनाचे वाढणे एका मर्यादेपर्यंतच चालते. अशा छोट्या, पातळ पंखाच्या बाबतीत साधारण दहा अंशांच्या आसपास ती मर्यादा येते. त्यापुढे वरच्या पृष्ठभागावरून वाहणारी हवा पृष्ठभाग सोडून देते, लिफ्ट घसरते, ड्रॅग एकदम वाढतो, आणि यालाच आपण स्टॉल म्हणतो. स्टॉल हा कोनाचा दोष आहे, केवळ वेगाचा नव्हे, हे वाक्य पाठ करून ठेवण्यासारखे आहे, कारण पुढची अर्धी गफलत ते विसरल्यामुळे होते.

वरील ग्लायडर चांगला जुळवलेला असेल, तर तो सेकंदाला सुमारे ५.२ मीटर वेगाने तरंगतो. त्याच ग्लायडरचा स्टॉलचा वेग सुमारे ४.५ मीटर येतो. दोन्हींमधील अंतर जेमतेम ०.७ मीटर प्रतिसेकंद आहे. पंख्याची झुळूक याहून जोराची असते, आणि तरीही आपण शाळेच्या हॉलमधील पंखे चालू ठेवून चाचणी घेतो. एवढ्या अरुंद जागेत ग्लायडरला राहायचे असल्यामुळे स्टॉल वारंवार होतो, यात नवल नाही. एकदा नीट जुळवलेला ग्लायडर शंभर वेळा फेकला तरी त्या अरुंद जागेत राहतो, हे खरे नवल.

आता फेकण्याचा वेग पाहू. मुलाने उत्साहाने सेकंदाला ७ मीटर वेगाने ग्लायडर सोडला, तर पंखाचा कोन तोच असताना लिफ्ट वजनाच्या सुमारे १.८ पट होते. जास्तीची लिफ्ट कोठे जाणार? ती ग्लायडरला वर उचलते. वर चढताना वेग खर्च होतो, आणि ७ मीटरवरून ४.५ मीटरपर्यंत वेग उतरेस्तोवर ग्लायडर जवळजवळ दीड मीटर चढलेला असतो. तेथे तो "क्षणभर थांबतो". ग्लायडरच्या जुळवणीत काहीही चूक नसताना, केवळ हाताच्या जोराने, तक्रारीतले पूर्ण दृश्य तयार होते.

क्लेचे दुष्टचक्र

मागच्या थंडीतले एक उदाहरण सांगतो. एक कॅडेट मुलगी सकाळी सातच्या सुमारास मैदानावर आली. तिचा ग्लायडर सुबक होता, सांधे स्वच्छ होते, पंखाची पुढची कड बारीक पॉलिशपेपरने घासून गोल केलेली होती. तिने पहिल्यांदा फेकला. नाक वर, स्टॉल, खाली. तिने खिशातून क्ले काढून मटाराच्या दाण्याएवढी गोळी नाकाला लावली. दुसऱ्या फेकीत ग्लायडर सरळ गवतात घुसला. तेव्हा तिने शेपटाच्या पानाची मागची कड ओठांजवळ धरून त्यावर फुंकर घातली, उबेने नरम झालेली कड अंगठ्याने थोडी वर वाकवली आणि पुन्हा फेकला. ग्लायडरने या वेळी नाक इतके वर केले की जवळजवळ गिरकीच घेतली. मग आणखी क्ले. मग शेपटाला आणखी बाक. आठ वाजेपर्यंत ३० ग्रॅमचा ग्लायडर ४० ग्रॅमचा झाला होता आणि तक्रार होती तेथेच होती.

येथे काय घडत होते, ते नीट समजून घेणे आवश्यक आहे. नाक जड झाले की ते खाली दाबले जाते. त्याला तोलण्यासाठी शेपटाने मागचा भाग खाली दाबावा लागतो, म्हणून शेपटाची मागची कड वर वाकवली जाते. परंतु नाकाचे वजन वेग कितीही असला तरी तेवढेच राहते, आणि शेपटाचे बल मात्र वेगाच्या वर्गाने वाढते. त्यामुळे अशी जुळवणी एकाच वेगाला समतोल राहते. वेग थोडा जरी वाढला, तरी शेपूट जिंकते आणि नाक झपाट्याने वर जाते. वेग कमी झाला की वजन जिंकते आणि नाक खाली कोसळते. जड नाक आणि जास्त वाकवलेले शेपूट ही जोडी जितकी ताठ, तितका हा झोका जोराचा. याशिवाय शेपूट ज्या बलाने खाली ढकलते, तेवढी जास्तीची लिफ्ट पंखाला निर्माण करावी लागते, म्हणजे लिफ्टपोटी उत्पन्न होणारा ड्रॅगही वाढतो. वजन ३० वरून ४० ग्रॅम झाल्याने तरंगण्याचा वेग सुमारे पंधरा टक्क्यांनी वाढतो, तो भाग वेगळाच.

ती क्ले मी काढून टाकायला लावली, सगळीच्या सगळी, आणि शेपटाचे पान पुन्हा सपाट करायला सांगितले. "सर, मग तर तो आणखी नाक वर करेल," असे ती म्हणाली. तसे झाले नाही. का झाले नाही, ते पुढे येईलच.

पहिल्या लाटेवरून निदान करू नये

ग्लायडर नाक वर करतो, वेग गमावतो, नाक खाली टाकतो, वेग मिळवतो आणि पुन्हा नाक वर करतो, या लाटेला शास्त्रात फ्युगॉइड असे नाव आहे. ब्रिटिश अभियंते फ्रेडरिक लँचेस्टर यांनी ते १९०८ मध्ये रूढ केले. त्यांना ग्रीक भाषेतून "उडणे" या अर्थाचा शब्द घ्यायचा होता, पण हाती आला तो "पळून जाणे" या अर्थाचा. माझ्या मते चूक होऊनही नाव बरोबर बसले आहे. हातातून निसटलेला ग्लायडर पाहणाऱ्याला ते मान्य होईल.

या लाटेचा हिशेब आश्चर्य वाटावे इतका सोपा आहे. एक लाट पूर्ण व्हायला लागणारी सेकंदे म्हणजे मीटर प्रतिसेकंदातील वेगाच्या साधारण ०.४५ पट. आपल्या ग्लायडरसाठी ती सुमारे २.३ सेकंद येतात, आणि तेवढ्या वेळात तो सुमारे १२ मीटर पुढे जातो. सेकंदाला १०० मीटर वेगाने जाणाऱ्या मोठ्या विमानासाठी हीच लाट पाऊण मिनिटाची असते, आणि वैमानिक किंवा ऑटोपायलट ती सहज मोडून काढतो.

आता चाचणी कशी घेतली जाते, ते आठवा. आपण खांद्याच्या उंचीवरून, म्हणजे दीड मीटरवरून ग्लायडर सोडतो. अशा ग्लायडरची लिफ्ट ड्रॅगच्या सुमारे सातपट असते, म्हणजे तो एक मीटर उतरताना सात मीटर पुढे जातो, आणि दीड मीटरवरून साडेदहा मीटरांत जमिनीला टेकतो. लाट मात्र १२ मीटरची आहे. म्हणजे आपल्याला एक लाटसुद्धा पुरती दिसत नाही. अर्ध्या लाटेवरून आपण निदान करतो आणि क्लेची डबी उघडतो.

यावर उपाय असा की प्राथमिक चाचणी दीड मीटरवरून झाल्यावर खरी चाचणी उंचावरून घ्यावी. आमच्याकडे आम्ही शाळेच्या पहिल्या मजल्याच्या गॅलरीतून, खाली मोकळे मैदान असताना आणि खाली कोणी उभे नसताना, ग्लायडर सोडतो. पाच मीटर उंचीवरून त्याला सुमारे ३५ मीटर अंतर मिळते आणि जवळजवळ तीन लाटा दिसतात. एकाने सोडावा, दुसऱ्याने बाजूला लांब उभे राहून पाहावे. सोडणाऱ्याला लाटेची उंची कधीच नीट कळत नाही.

पाहायचे आहे ते दुसरी लाट पहिलीच्या तुलनेत किती मोठी आहे, एवढेच. या ठिकाणी ड्रॅग आपल्या बाजूने काम करतो, आणि ही गोष्ट फार थोड्या लोकांच्या लक्षात येते. फ्युगॉइडची लाट शमवणारा मुख्य ब्रेक म्हणजे ड्रॅग. लिफ्ट ड्रॅगच्या सातपट असेल, तर साध्या गणिताने प्रत्येक लाट आधीच्या लाटेच्या साधारण निम्मी होते. दहापट असेल, तर दुसरी लाट पहिलीच्या सुमारे दोन-तृतीयांश राहते. लिफ्ट ड्रॅगच्या चाळीसपट असणाऱ्या मोठ्या ग्लायडरमध्ये ती जवळजवळ नव्वद टक्के शिल्लक राहील. पुण्यात हडपसरच्या ग्लायडिंग सेंटरवर ज्यांनी असे ग्लायडर पाहिले असतील, त्यांनी उतरताना पंखांतून वर येणाऱ्या एअरब्रेकच्या फळ्याही पाहिल्या असतील. इतक्या गुळगुळीत यंत्राला खाली आणायचे तर ड्रॅग मुद्दाम निर्माण करावा लागतो. आपल्याकडेही याची छोटी आवृत्ती घडते. पंख घासून, लॅकर लावून गुळगुळीत केल्यावर ग्लायडर "आधीपेक्षा जास्त डोलतो" अशी तक्रार जे करतात, त्यांचे निरीक्षण बरोबर असते. त्यांनी काही बिघडवलेले नसते, फक्त ब्रेक थोडा सैल केलेला असतो.

तेव्हा दुसरी लाट निम्मी किंवा थोडी जास्त, आणि तिसरी जेमतेम दिसण्याजोगी असेल, तर ग्लायडर निरोगी आहे आणि दोष हाताचा आहे. दुसरी लाट पहिलीएवढीच असेल, प्रत्येक वेळी शिखरावर नाक झटक्याने पडत असेल, तर पंख खरोखर स्टॉलमध्ये जात आहे आणि जुळवणी चुकली आहे. तिसरा प्रकार थोडा फसवा असतो: अर्धा ग्रॅम क्ले लावली की ग्लायडर थेट खाली घुसतो, तीच क्ले काढली की स्टॉल होतो, आणि मधली जागा सापडतच नाही. हे गुरुत्वमध्य, म्हणजे ज्या जागी ग्लायडर तोलला जातो ती जागा, फार मागे असल्याचे पक्के लक्षण आहे.

हाताचा दोष

हा प्रकार सर्वांत जास्त आढळतो आणि सर्वांत लवकर सुटतो. ग्लायडर दगडासारखा भिरकावू नये. तो ज्या वेगाने तरंगणार आहे, त्याच वेगाने, नाक क्षितिजापेक्षा किंचित खाली ठेवून, पुढे ढकलून सोडावा. तो वेग हाताला कळावा म्हणून मुलांना ग्लायडर डोक्याच्या उंचीवर धरून जोरात धावायला सांगतो. सेकंदाला पाच मीटर म्हणजे ताशी १८ किलोमीटर, ही चपळ मुलाची धाव आहे. त्या वेगाला हातातील ग्लायडरचे वजन कमी झाल्यासारखे वाटते, तो स्वतःला तोलून धरू लागतो, आणि तेव्हा बोटे फक्त उघडायची. दोन-तीन धावांनंतर उभ्याने सोडतानाही हात तो वेग बरोबर देतो.

वारा असेल तर हा हिशेब बदलतो. ग्लायडरला जमिनीशी असलेला वेग कळत नाही. त्याला फक्त अंगावरून जाणारी हवा कळते. सेकंदाला दीड मीटर वाहणाऱ्या वाऱ्याकडे पाठ करून ५ मीटर वेगाने सोडले, तर त्याला ३.५ मीटरचीच हवा मिळते आणि तो हातातून सुटता सुटताच स्टॉल होतो. तोंड वाऱ्याकडे करून तोच हात वापरला, तर साडेसहा मीटर मिळतात आणि नाक वर जाते. दोन्हीकडे शेवट सारखाच दिसतो. म्हणून जुळवणी होईपर्यंत सूर्योदयाच्या सुमाराची स्थिर हवा निवडावी. दुपारच्या मैदानावर केलेली जुळवणी ही त्या दुपारपुरतीच असते.

जुळवणीचा दोष

दोष ग्लायडरचाच आहे असे ठरले, तर क्लेला हात लावण्यापूर्वी पंखाची तपासणी करावी. ग्लायडर डोळ्यांसमोर मागून धरावा, खिडकीच्या उजेडाकडे पाहावे, आणि पंखाची मागची कड पुढच्या कडेला समांतर दिसते का, ते तपासावे. एका टोकाला दोन मिलीमीटरचा पीळ म्हणजे त्या टोकाला दीड अंश जास्त कोन. ते टोक आधी स्टॉल होते, ग्लायडर त्या बाजूला पडतो आणि आपण शेपटाला दोष देत बसतो. पीळ सापडला तर ते टोक किटलीच्या वाफेवर वीस-तीस सेकंद धरावे, उलट दिशेला थोडे जास्त पिळावे आणि गार होईपर्यंत तसेच धरून ठेवावे. कोरडे पिळल्यास बालसा तुटतो, किंवा तुटत नाही आणि रात्रीत पुन्हा पहिल्या जागी येतो.

नंतर गुरुत्वमध्य. पंखाच्या खाली, पुढच्या कडेपासून २.८ सेंटिमीटरवर, दोन्ही बाजूंना पेन्सिलने ठिपका द्यावा आणि दोन पेन्सिलींच्या टोकांवर ग्लायडर तोलावा. आपल्या ग्लायडरच्या शेपटाचा आकार आणि अंतर पाहता, गुरुत्वमध्य पंखाच्या रुंदीच्या साधारण ५४ टक्क्यांपर्यंत, म्हणजे सुमारे ४ सेंटिमीटरपर्यंत मागे गेला की स्थैर्य संपते. २.८ सेंटिमीटर ही त्या मर्यादेच्या बरीच पुढची, सुरक्षित जागा आहे. शेपूट याहून लहान किंवा जवळ असेल, तर सुरुवात आणखी थोडी पुढून करावी. क्लेबाबत प्रमाण ध्यानात असू द्यावे: नाक गुरुत्वमध्यापासून १२ सेंटिमीटर पुढे असेल, तर एक ग्रॅम क्लेने गुरुत्वमध्य जवळजवळ ४ मिलीमीटर पुढे सरकतो. मटाराच्या दाण्याएवढी गोळी म्हणजे "थोडीशी क्ले" नव्हे.

गुरुत्वमध्य जागेवर आला की त्याला पुन्हा हात लावायचा नाही. येथून पुढची सर्व दुरुस्ती शेपटाच्या कोनातून करायची, आणि एका वेळी एकच गोष्ट बदलायची. शेपटाची कड वाकवण्याच्या मी विरोधात आहे, कारण किती वाकवली ते मोजता येत नाही आणि हवेतल्या दमटपणाने ती परत फिरते. त्यापेक्षा शेपूट पक्के चिकटवण्याआधी ते रबरबँडने बांधावे आणि त्याखाली झेरॉक्सच्या कागदाच्या पट्ट्या सरकवाव्यात. हा कागद साधारण ०.१ मिलीमीटर जाड असतो. शेपटाचे पान ४ सेंटिमीटर रुंद असेल, तर सात पट्ट्या म्हणजे एक अंश. स्टॉल होत असेल तर मागच्या कडेखालची नव्हे, पुढच्या कडेखालची पट्टी वाढवावी, म्हणजे शेपटाची मागची कड तुलनेने खाली येते, शेपूट वर उचलले जाते आणि नाक खाली राहते. ग्लायडर खाली घुसत असेल, तर याच्या उलट करावे. एकदोन पट्ट्यांनी फरक दिसतो. पाच पट्ट्या घालूनही दिसला नाही, तर गुरुत्वमध्य पुन्हा मोजावा, कारण चूक बहुधा तेथे असते.

त्या कॅडेट मुलीचे पुढे काय झाले, ते येथे सांगता येईल. सगळी क्ले काढल्यावर तिच्या ग्लायडरचा गुरुत्वमध्य ३.१ सेंटिमीटरवर भरला, म्हणजे तो मुळातच योग्य जागी होता. शेपूट सपाट, नाकावर काही नाही, धावत जाऊन सोडलेला हात, आणि ग्लायडर हलकी लाट घेऊन दहा मीटरांवर टेकला. तासभर जे दुरुस्त केले जात होते, तो दोष पहिल्या फेकीतल्या हाताचा होता.

समतोल असा शेपटातून साधता येतो, ही कल्पना जुनी आहे. फ्रान्सच्या आल्फाँस पेनो यांनी १८ ऑगस्ट १८७१ रोजी पॅरिसच्या त्युलेरी बागेत रबराच्या पिळावर चालणारे छोटे मॉडेल उडवले. मागे बसवलेल्या शेपटामुळे ते कोणाच्याही मदतीशिवाय स्थिर राहिले आणि ११ सेकंदांत सुमारे ४० मीटर गेले. आपण कागदाच्या पट्ट्या सरकवून जे करतो, त्याचे तत्त्व तेच आहे.

वळणात होणारा स्टॉल

काही ग्लायडर सरळ चांगले जातात आणि वळू लागले की एका पंखावर कोसळतात. वळताना ग्लायडर कलतो, लिफ्टही कलते, आणि तिचा उभा भाग वजनाला पुरावा म्हणून एकूण लिफ्ट वाढवावी लागते. ३० अंश कलल्यास स्टॉलचा वेग सुमारे साडेसात टक्क्यांनी वाढतो, ४५ अंशांत एकोणीस टक्क्यांनी. आपल्या ग्लायडरसाठी ४५ अंशांचा स्टॉलचा वेग सुमारे ५.३५ मीटर येतो, म्हणजे सरळ तरंगण्याच्या वेगापेक्षाही जास्त. त्यात आतल्या बाजूचे टोक लहान वर्तुळात फिरत असल्याने त्याला वेगही कमी मिळतो. म्हणून रडरला (शेपटाच्या उभ्या पानाला) दिलेला बाक अगदी थोडा असावा, वर्तुळ मोठे असावे, आणि दोन्ही पंखांच्या टोकांची मागची कड वाफेवर समान, साधारण एक मिलीमीटर, वर वळवून घ्यावी. टोकांचा कोन कमी झाला की स्टॉल पंखाच्या मध्यापासून सुरू होतो आणि ग्लायडर एका बाजूला न पडता नुसते नाक झुकवतो.

दोष नसलेल्या दोन गोष्टी

डोंगरावर हवा विरळ असते म्हणून स्टॉल होतो, असे स्पष्टीकरण महाबळेश्वरच्या सहलीत ऐकले आहे. साडेतेराशे मीटर उंचीवर हवेची घनता समुद्रसपाटीच्या सुमारे सत्त्याऐंशी-अठ्ठ्याऐंशी टक्के असते, त्यामुळे ग्लायडर सात टक्के जास्त वेगाने तरंगतो, परंतु स्टॉलचा वेगही त्याच प्रमाणात वाढतो आणि कोन तोच राहतो. मुंबईत जुळवलेला ग्लायडर तेथे तसाच चालतो; फक्त हाताने थोडा जास्त वेग द्यावा. दुसरी गोष्ट म्हणजे जमिनीजवळचे तरंगणे. शेवटच्या वीतभर उंचीवर, म्हणजे पंखाच्या विस्ताराच्या निम्म्याहून खाली, लिफ्टपोटी होणारा ड्रॅग कमी होतो आणि ग्लायडर उतरायचे नाव घेत नाही. गुळगुळीत फरशीच्या हॉलमध्ये यामुळे एक-दोन मीटर जास्त मिळाल्यासारखे वाटते; लिफ्ट आणि ड्रॅगचे प्रमाण काढताना ते अंतर धरू नये.

जुळवलेला ग्लायडर पुन्हा बिघडतो तेव्हा

मार्चमध्ये उत्तम उडणारा ग्लायडर जुलैमध्ये पुन्हा नाक वर करू लागतो, आणि मालक पुन्हा क्लेकडे वळतो. बालसा हवेतील ओल शोषून घेतो. शेपटाचे पान पातळ असल्याने ते आधी वाकते, आणि ४ सेंटिमीटरच्या पानाला ०.७ मिलीमीटर बाक म्हणजे पूर्ण एक अंश, अर्थात सात पट्ट्या. गुरुत्वमध्यात मात्र ओलीने सहसा फारसा फरक पडत नाही. म्हणून जुळवणी पूर्ण झाली त्याच दिवशी पंखाच्या खालच्या बाजूला पेन्सिलने तीन गोष्टी लिहून ठेवाव्यात: वजन, पुढच्या कडेपासून गुरुत्वमध्याचे अंतर, आणि शेपटाखालच्या पट्ट्यांची संख्या व बाजू. पावसाळ्यात तक्रार उद्भवल्यास प्रथम दोन पेन्सिलींवर तोलून पाहावे. अंतर लिहिल्याप्रमाणेच भरले, तर क्लेची डबी बंदच ठेवावी आणि शेपटाच्या पानावर स्टीलची पट्टी आडवी धरून, उजेडात, तिच्याखाली फट दिसते का ते पाहावे.